शिल्लक मुद्दलाचा हिशोब : गृहकर्जाची दीर्घकालीन किंमत

गृहकर्जाची चौकशी बहुधा एकाच प्रश्नापाशी येऊन थांबते आणि तो प्रश्न म्हणजे महिन्याला हप्ता किती बसेल. घरखर्च पगारावर चालतो, त्यामुळे हा प्रश्न गैर म्हणता येणार नाही. परंतु हप्ता हे कर्ज पेलवेल की नाही याचे माप आहे, कर्ज कितीला पडेल याचे नव्हे. कर्जाची किंमत ठरते ती किती मुद्दल किती काळ देणे राहिले यावरून, आणि यांपैकी काळ हा घटक हप्त्याच्या आकड्यात दिसत तर नाहीच, उलट तो जितका लांबवावा तितका हप्ता अधिक परवडणारा भासतो. कर्जदाराने लक्ष ठेवायचे ते म्हणूनच हप्त्यावर नव्हे, तर शिल्लक मुद्दलावर.

समान मासिक हप्ता, म्हणजेच रूढ भाषेत ईएमआय, असा बेतलेला असतो की कर्जाच्या पहिल्या महिन्यापासून अखेरच्या महिन्यापर्यंत त्याची रक्कम तीच राहते, मात्र तिच्या आतील व्याज आणि मुद्दल यांची वाटणी दर महिन्याला बदलत जाते. ५० लाख रुपयांचे कर्ज २० वर्षांसाठी ८.५ टक्के वार्षिक दराने घेतले, तर हप्ता ४३,३९१ रुपये येतो. पहिल्या महिन्यात संपूर्ण ५० लाखांवर ३५,४१७ रुपये व्याज होते, ते आधी वळते होते आणि मुद्दलापोटी जमा होतात केवळ ७,९७४ रुपये. दुसऱ्या महिन्याचे व्याज त्या किंचित कमी झालेल्या रकमेवर आकारले जाते, म्हणून मुद्दलाचा वाटा काही रुपयांनी वाढतो, आणि हाच क्रम २४० महिने चालतो. व्याज व मुद्दल निम्मेनिम्मे व्हायला १४३ वा हप्ता उजाडतो, म्हणजे बारावे वर्ष संपत आलेले असते. पहिल्या पाच वर्षांत कर्जदाराने सुमारे २६ लाख रुपये भरलेले असतात, तरी मुद्दल कमी झालेले असते ते जेमतेम ६ लाखांनी. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावरही, जवळपास ३५ लाखांचे देणे शिल्लक असते. यात बँकेची लबाडी नाही, शिल्लक रकमेवर व्याज आकारण्याचे हे साधे गणित आहे. मात्र हे परतफेडीचे वेळापत्रक कर्ज घेण्यापूर्वी मागून घेऊन ओळीने वाचणारे कर्जदार कमी, आणि पाचव्या वर्षी घर विकायला निघाल्यावर शिल्लक पाहून दचकणारे अधिक.

मुदतीचा परिणाम याच उदाहरणात तपासता येतो. २० वर्षांत एकूण परतफेड सुमारे १ कोटी ४ लाख होते, म्हणजे व्याज ५४ लाखांच्या आसपास जाते. तेच कर्ज ३० वर्षांवर नेले, तर हप्ता ३८,४४६ रुपयांवर उतरतो, आणि महिन्याकाठी वाचणाऱ्या या पाच हजारांच्या सवलतीपोटी एकूण व्याज ८८ लाखांच्या वर पोहोचते. उलट दिशेने मुदत १५ वर्षांवर आणली, तर हप्ता ५,८४६ रुपयांनी वाढून ४९,२३७ होतो आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या घरात राहते. मुदत वाढवून मिळणारा दिलासा दर वाढीव वर्षागणिक आटत जातो आणि त्याची किंमत मात्र चढत जाते, कारण हप्ता कधीही केवळ व्याजाच्या रकमेखाली येऊ शकत नाही आणि या उदाहरणात ती मर्यादा ३५,४१७ रुपयांची आहे.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. व्याजाची वीस वर्षांची बेरीज करून तो आकडा भीती घालण्यासाठी फिरवण्याची प्रथा अलीकडे फार वाढली आहे, आणि ती अर्धसत्य आहे. कारण आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया यांची सरळ बेरीज करणे हिशोबाला धरून नाही. महागाई वर्षाला सरासरी ५ टक्के राहिली असे गृहीत धरले, तर अखेरच्या हप्त्याच्या ४३,३९१ रुपयांची क्रयशक्ती आजच्या सुमारे १६,३५० रुपयांइतकी असेल, आणि ज्यांचा पगार महागाईबरोबर वाढतो त्यांना तो हप्ता तितकाच हलका वाटेल. ५४ लाख हा आकडा म्हणून दोन पर्यायांची आपापसांत तुलना करण्यासाठी उपयोगी आहे, ‘घर दुपटीने पडले’ असा निष्कर्ष काढण्यासाठी नाही. ज्यांची मिळकत निवृत्तीकडे झुकलेली आहे किंवा हंगामी आहे, त्यांना मात्र महागाईचा हा दिलासा पुरेसा मिळत नाही.

वरील सर्व आकडे व्याजदर वीस वर्षे स्थिर राहील असे मानून काढलेले आहेत, आणि भारतातील बहुतेक गृहकर्जे तशी नसतात. ती तरत्या, म्हणजे ‘फ्लोटिंग’, दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी व्यक्तींना दिलेली तरत्या दराची नवी कर्जे एखाद्या बाह्य निर्देशकाशी जोडणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर निवडला. रेपो म्हणजे ज्या दराने रिझर्व्ह बँक बँकांना अल्पकाळासाठी पैसे देते तो दर. कर्जाचा दर म्हणजे रेपो अधिक बँकेचे अधिमूल्य, ज्याला ‘स्प्रेड’ म्हणतात, आणि किमान तीन महिन्यांतून एकदा त्याची फेरनिश्चिती होते. गृहवित्त कंपन्यांना हा नियम लागू नाही. त्या स्वतःच्या संदर्भदराला कर्ज बांधतात, त्यामुळे रेपो घटल्याची बातमी वाचून त्यांच्या कर्जदाराने आपलाही दर आपोआप उतरला असे समजू नये.

दर बदलल्यावर काय होते हे २०२२ ने पुरेसे दाखवून दिले. मे २०२२ च्या आरंभी ४ टक्के असलेला रेपो फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५० टक्क्यांवर गेला, म्हणजे दहा महिन्यांच्या आत अडीच टक्के वाढला. ज्याने त्यापूर्वी ५० लाखांचे कर्ज २० वर्षांसाठी ६.७५ टक्क्यांनी घेतले होते, त्याचा हप्ता ३८,०१८ रुपये होता आणि दीड वर्षानंतर शिल्लक सुमारे ४८ लाख १३ हजार होती. सोयीसाठी संपूर्ण वाढ एकाच वेळी लागू झाली असे धरले, तर ९.२५ टक्क्यांनी या शिलकीवर महिन्याचे व्याजच ३७,१०१ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलापोटी जेमतेम नऊशे रुपये उरतात आणि उरलेले २२२ हप्ते फुगून सुमारे ४८५ होतात. तिशीत घेतलेले कर्ज सत्तरी ओलांडूनही फिटणार नाही, असा याचा सरळ अर्थ आहे. मूळ मुदत कायम ठेवायची असेल, तर हप्ता सुमारे ४५,३५० रुपयांवर न्यावा लागतो. कित्येक कर्जदारांचा हप्ता त्या काळात बदलला नाही आणि म्हणूनच त्यांना काही घडल्याचे जाणवले नाही. वाढ मुदतीत मुरली होती.

या प्रकाराची दखल घेऊन रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी सूचना काढली. तीनुसार दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्हींचा मेळ घालणे असे पर्याय देणे, संस्थेच्या धोरणाप्रमाणे स्थिर दराकडे वळण्याची मुभा देणे, आणि मुदतवाढीमुळे हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी वेळ येऊ न देणे हे कर्ज देणाऱ्या संस्थेवर सोपवले गेले. प्रत्येक तिमाहीअखेर आजवर वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारे विवरणही उपलब्ध करून द्यायचे आहे. या विवरणातील ‘उरलेले हप्ते’ हा रकाना दर तिमाहीला तीनाने कमी होतो की नाही एवढे पाहिले, तरी कर्ज वाटेवर आहे की भरकटले हे कळते. दर उतरताना हीच काळजी उलट्या बाजूने घ्यावी लागते. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो ६.५० वरून ५.५० टक्क्यांवर आला तेव्हा ज्यांनी हप्ता कमी करून न घेता तोच चालू ठेवला, त्यांची मुदत आक्रसली. आणि ज्यांची कर्जे एमसीएलआर या बँकेच्या स्वतःच्या निधीखर्चावर बेतलेल्या दराशी किंवा त्याहून जुन्या आधारदराशी अजूनही जोडलेली होती, त्यांच्यापर्यंत ही घट उशिरा आणि तुटपुंजी पोहोचली. अशी जुनी कर्जे किरकोळ शुल्क भरून नव्या पद्धतीत आणता येतात, परंतु त्यासाठी अर्ज कर्जदारालाच करावा लागतो. मंजुरीपत्रात ‘स्थिर दर’ असे लिहिलेले असले, तरी तो संपूर्ण मुदतीसाठी आहे की केवळ पहिल्या दोन-तीन वर्षांसाठी, हे कलम शोधून वाचावे.

कर्जाच्या किमतीत व्याजाखेरीज जे मिसळते ते बरेचसे आरंभीच मिसळते. प्रक्रिया शुल्क, म्हणजे प्रोसेसिंग फी, आणि त्यावरील जीएसटी, मालमत्तेच्या कागदपत्रांची वकिलाकडून तपासणी, मूल्यांकन, आणि महाराष्ट्रात हक्काची मूळ कागदपत्रे बँकेकडे ठेवून केलेल्या गहाणाची दुय्यम निबंधकाकडे ३० दिवसांच्या आत द्यावयाची सूचना, जिला व्यवहारात ‘नोटीस ऑफ इंटिमेशन’ म्हणतात, तिचे मुद्रांक व नोंदणी शुल्क, असे हे घटक आहेत. सुटे पाहिले तर ते लहान दिसतात. मोठी रक्कम दडलेली असते ती विम्यात. कर्जदाराच्या मृत्यूनंतर कर्ज फेडणारा एकरकमी हप्त्याचा विमा पुष्कळदा कर्जासोबतच पुढे केला जातो आणि त्याचा हप्ता कर्जाच्या रकमेतच मिळवला जातो. दीड लाखांचा असा विमाहप्ता आरंभीच्या उदाहरणातील ८.५ टक्के दराने २० वर्षे फेडायचा तर त्यापोटी महिन्याला १,३०२ रुपये, म्हणजे एकूण ३ लाख १२ हजारांहून अधिक, जातात. जीवनविम्याचे संरक्षण कर्जदाराला हवेच, पण ते स्वतंत्र मुदत विमा घेऊन वर्षाच्या वर्षाला हप्ता भरून मिळत असेल तर ते कर्जात गुंतवण्याचे कारण नाही, आणि अमुक एका कंपनीचाच विमा घेतला पाहिजे अशी सक्ती तर मुळीच मान्य करू नये.

हे सारे एका आकड्यात आणण्याची सोय आता आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून व्यक्तींना दिल्या जाणाऱ्या नव्या मुदत कर्जांसाठी मुख्य तथ्यांचे विवरणपत्र, म्हणजे केएफएस, देणे बंधनकारक आहे. त्यात वार्षिक टक्केवारी दर, संक्षेपाने एपीआर, नमूद केलेला असतो, आणि या दरात व्याजाबरोबर संस्थेने आकारलेले शुल्क व तिच्यामार्फत वसूल होणारा विमा व कायदेशीर खर्चही धरलेला असतो. या पत्रात न दाखवलेले शुल्क पुढे कर्जदाराच्या स्पष्ट संमतीवाचून आकारता येत नाही. दोन संस्थांची तुलना जाहिरातीतील व्याजदरावरून न करता एपीआरवरून करावी. मात्र तरत्या दराच्या कर्जात तोही आजच्या दरावरचा अंदाज असतो आणि कर्ज मुदतीआधी फेडल्यास आरंभीचा खर्च थोड्या वर्षांवर विभागला जाऊन प्रत्यक्ष दर अधिक निघतो, हे ध्यानात ठेवावे.

घराच्या खरेदीशी निगडित, परंतु कर्जाच्या कागदावर न दिसणारा खर्च वेगळाच आहे. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या मूल्याच्या ९० टक्के, ३० ते ७५ लाखांपर्यंत ८० टक्के आणि त्यावर ७५ टक्के इतकीच रक्कम कर्जाऊ मिळू शकते, आणि या मूल्यात मुद्रांक व नोंदणी शुल्क सर्वसाधारणपणे धरले जात नाही. पुणे महापालिकेच्या हद्दीत ६५ लाखांची बांधकाम चालू असलेली सदनिका घेणाऱ्याला ५० लाखांचे कर्ज मिळाले, तर १५ लाखांच्या स्वतःच्या वाट्याशिवाय ७ टक्क्यांनी मुद्रांक शुल्काचे ४ लाख ५५ हजार, नोंदणीचे कमाल मर्यादेइतके ३० हजार, आणि परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत न बसणाऱ्या सदनिकेवरील ५ टक्के जीएसटीचे ३ लाख २५ हजार, असे आणखी ८ लाख १० हजार उभे करावे लागतात. शीघ्रसिद्धगणकातील, म्हणजे शासनाच्या ‘रेडी रेकनर’मधील, मूल्य करारातील किमतीहून अधिक असेल तर मुद्रांक त्या अधिक मूल्यावर लागतो. खरेदीदार महिला असेल तर राज्याच्या सवलतीने एक टक्का वाचतो. आणि भोगवटा प्रमाणपत्र मिळाल्यानंतर विकल्या गेलेल्या सदनिकेवर जीएसटी नसतो. ही रक्कम हाताशी नसल्याने पुष्कळ कुटुंबे चढ्या व्याजाचे वैयक्तिक कर्ज काढतात, आणि मग गृहकर्जाचा स्वस्त दर हे निम्मेच चित्र उरते.

बांधकाम चालू असताना बँक रक्कम टप्प्याटप्प्याने देते आणि दिलेल्या रकमेवर केवळ व्याज घेते. त्यालाच ‘प्री-ईएमआय’ म्हणतात. तीन वर्षांत सरासरी २५ लाख उचलले गेले, तर या काळात सुमारे ६ लाख ३७ हजार रुपये व्याज जाते आणि मुद्दल एक रुपयानेही घटत नाही, शिवाय राहत्या घराचे भाडे चालूच असते. ताबा लांबला की हा आकडा लांबतो, आणि इमारतीच्या जाहिरातीत त्याचा उल्लेख सहसा नसतो. जेथे मुभा आहे तेथे आरंभापासूनच पूर्ण हप्ता सुरू करावा.

प्राप्तिकरातील सवलतीविषयीची समजूत तर जुन्या काळातच अडकली आहे. स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरील व्याजाची वर्षाला कमाल २ लाखांची वजावट आणि मुद्दलासाठी कलम ८०सी च्या दीड लाखाच्या मर्यादेतील वजावट ही जुन्या करप्रणालीतली सोय आहे, आणि २०२३-२४ पासून आपोआप लागू होणाऱ्या नव्या करप्रणालीत राहत्या घराला तिचा लाभ नाही. जुन्या प्रणालीत राहिले तरी वरील कर्जाच्या पहिल्या वर्षी ४ लाख २१ हजार व्याज जाते, त्यातील २ लाख विचारात घेतले जातात, आणि सर्वोच्च ३० टक्के दर व त्यावरील उपकर धरून वाचतात ते ६२,४०० रुपये. कर वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडू नये, या सल्ल्याला एवढाच आधार आहे.

लवकर फेडण्याचा खरा विचार काळाच्या अंगाने करावा लागतो. उदाहरणातील कर्जात पहिल्या वर्षाअखेर एक लाख रुपये जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अकरा हप्ते, म्हणजे सुमारे ४ लाख ८२ हजार रुपये, टळतात. तोच एक लाख पंधराव्या वर्षाअखेर भरला तर साडेतीन हप्तेच टळतात. अंशतः परतफेड करताना मुदत कमी करावयाची की हप्ता, असे बँक विचारते किंवा स्वतःच ठरवून टाकते, तेव्हा मुदत कमी करण्याची मागणी लेखी द्यावी. व्यक्तींनी घेतलेल्या तरत्या दराच्या गृहकर्जावर बँकांना २०१२ पासून मुदतपूर्व परतफेडीचा दंड आकारता येत नाही. हे पैसे इतरत्र गुंतवले तर अधिक मिळतील का, या प्रश्नाचे उत्तर असे की साडेआठ टक्क्यांचे कर्ज फेडणे म्हणजे करमुक्त आणि जोखीमरहित साडेआठ टक्के मिळवणे होय, आणि बँकेतील ठेव कर वजा जाता तेवढे क्वचितच देते. समभागांशी तुलना करायची तर त्यांतील चढउतार सोसण्याची तयारीही हिशोबात घ्यावी लागते. मात्र सहा महिन्यांच्या घरखर्चाची आणि हप्त्यांची तजवीज मोडून कर्जात भर घालणे शहाणपणाचे नाही, कारण कर्जात गेलेला पैसा अडीअडचणीला परत मिळत नाही. ज्या खात्यात जादा रक्कम ठेवून व्याज वाचवता येते व गरजेला ती काढताही येते, अशी ओव्हरड्राफ्ट जोडलेली कर्जे काही बँका देतात. त्यांचा दर किंचित अधिक असतो, म्हणून ज्यांच्या हाती खरोखर पैसा खेळतो त्यांनाच ती फायद्याची ठरतात.

कर्ज दुसऱ्या बँकेकडे नेताना फसगत दराने नव्हे तर मुदतीने होते. दहा वर्षांनंतर ३५ लाख शिल्लक असताना नव्या बँकेने ८ टक्के दर देऊ केला आणि उरलेली दहा वर्षेच कायम ठेवली, तर हप्ता सुमारे ९३० रुपयांनी उतरतो व एकूण १ लाख ११ हजारांची बचत होते, ज्यातून नव्या बँकेचे शुल्क आणि गहाणाची नवी नोंद वजा करावी लागते. पण तीच शिल्लक पुन्हा २० वर्षांसाठी बांधली, तर हप्ता २९,२७३ रुपयांवर येऊन बचत झाल्यासारखे भासते आणि प्रत्यक्षात उरलेल्या ५२ लाखांच्या जागी ७० लाख भरले जातात. स्थलांतर करण्यापूर्वी आपल्याच बँकेकडे स्प्रेड कमी करण्याची विनंती करावी; नवा ग्राहक ज्या दराने येतो तो दर जुन्या ग्राहकाला न मागता सहसा मिळत नाही.

कर्ज फिटल्यावरही एक टप्पा राहतो. सप्टेंबर २०२३ च्या सूचनेनुसार संपूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत करणे व नोंदलेला बोजा उतरवणे बंधनकारक आहे, आणि संस्थेच्या चुकीने उशीर झाल्यास दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई देय आहे. कागदपत्रे ताब्यात घेताना कर्ज देतेवेळी मिळालेल्या पोचयादीशी ती एकेक करून ताडून पाहावीत, बेबाकीचा दाखला घ्यावा, आणि सेरसाय या केंद्रीय नोंदवहीतील गहाणाची नोंद तसेच सिबिलसारख्या पतमाहिती संस्थांकडील कर्जखाते बंद झाल्याची खात्री पुढील दोन-तीन महिन्यांत करून घ्यावी. अन्यथा दहा वर्षांनी घर विकताना खरेदीदाराच्या वकिलाला जुना बोजा तसाच दिसतो आणि तो उतरवण्यासाठी तोवर नाव बदललेल्या किंवा दुसरीत विलीन झालेल्या बँकेची शाखा शोधत फिरावे लागते.